४२ दिवस उशिरा

गोंदिया जिल्ह्यातल्या कोहमाऱ्याच्या चौकातल्या पानठेल्यावर खर्रा सांगितला की ठेलेवाला पन्नीवर सुपारीचा चुरा, तंबाखू आणि चुना टाकतो, पन्नी दुमडून घेतो आणि घोटायला लागतो. नीट घोटलेला खर्रा हवा तर दोनेक मिनिटं द्यावी लागतात. घाई केली की चुना एकजीव होत नाही आणि रोजचं गिऱ्हाईक पहिल्याच चिमटीला तोंड वाकडं करतं. साकोलीकडून देवरीमार्गे छत्तीसगडात जाणारे ट्रक इथे थांबतात, गोंदियाहून नवेगावबांधकडे निघालेला रस्ता इथेच राष्ट्रीय महामार्ग ५३ ओलांडतो, त्यामुळे चौकात माणसांची वाण नाही. राज्यात गुटख्यावर २०१२ मध्ये आणि सुगंधित तंबाखू, मावा, खर्रा यांवर २०१३ मध्ये बंदी आली. झाडीपट्टीतल्या माणसाला हे सांगितलं तर तो आधी हसेल.

त्या दोन मिनिटांचा एक वेगळाच हिशेब मांडता येतो. माणसाच्या मेंदूत सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी असतात. गर्भधारणेपासून बाळंतपणापर्यंतचे दिवस २६६, म्हणजे ३ लाख ८३ हजार मिनिटं. भागाकार केला की मिनिटाला सव्वादोन लाख चेतापेशी येतात. भागाकार ढोबळ आहे. पहिले काही दिवस चेतापेशी नावाची वस्तूच नसते, आणि लहान मेंदूतल्या कित्येक पेशी जन्मानंतरही वर्षभर तयार होत राहतात. म्हणजे कुठल्या आठवड्यात हा वेग शून्य असतो आणि कुठल्या आठवड्यात सरासरीच्या कितीतरी वर. पण अंदाजापुरतं एवढं पुरे. खर्रा घोटून पुडी बांधून होईपर्यंत, त्याच चौकातून जाणाऱ्या एसटीत बसलेल्या गरोदर बाईच्या पोटात साडेचार लाख चेतापेशी तयार झालेल्या असतात.

सुरुवात होते ती एका पेशीपासून. तिचा व्यास मिलिमीटरचा दहावा भाग. चांगली नजर असेल तर पांढऱ्या ठिपक्यासारखी कशीबशी दिसेल एवढी. वजन अर्धा ते एक मायक्रोग्रॅम. जन्मलेलं मूल तीन किलोचं धरलं तर नऊ महिन्यांत वजन ३०० ते ६०० कोटी पट झालं. एकाच्या दोन, दोनाच्या चार असं मोजत गेलं तर फक्त ४१ दुपटींत पेशींची संख्या २.२ लाख कोटींवर जाते. प्रत्येक दुपटीत जनुकीय मजकुराची सुमारे ३०० कोटी अक्षरांची प्रत, तीही आईची एक आणि बापाची एक अशा दोन्ही, नव्याने उतरवली जाते. २२व्या दिवसाच्या सुमाराला हृदय पहिला ठोका देतं. तेव्हा आईची पाळी जेमतेम आठवडाभर लांबलेली असते. मिनिटाला १४० ठोके धरले तर जन्माआधीच ते ४ कोटी ९० लाखांहून जास्त वेळा धडकलेलं असतं.

एवढं मोठं काम, आणि त्याला लागणारा सगळा माल येतो वारेतून. वार म्हणजे अर्ध्या किलोचा मांसल गोळा, पण आतल्या केसाळ घड्या उलगडल्या तर दिवस भरताना तिचा पृष्ठभाग ११ ते १३ चौरस मीटर भरतो. घरकुल योजनेतल्या दहा बाय बाराच्या खोलीची जमीन झाकेल एवढा. शेवटच्या महिन्यांत गर्भाशयाकडे मिनिटाला ६०० मिलिलिटरच्या आसपास रक्त येतं. दिवसाचे ८६४ लिटर. आईचं रक्त आणि बाळाचं रक्त एकमेकांत मिसळत नाही, मध्ये पडदा असतो. पण दिवस भरत येतात तसा हा पडदा झिजत, पातळ होत अखेरीस काही मायक्रोमीटरचाच उरतो. वार बाळाला सगळ्या विषांपासून राखते, असं विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत शिकलेले डॉक्टरही धरून चालले होते.

पडद्याचा नियम साधा आहे. रेणू लहान आणि चरबीत विरघळणारा असेल तर तो सहज पलीकडे जातो. ५००-६०० डाल्टनच्या (डाल्टन हे रेणूच्या वजनाचं माप) आतले बहुतेक जातात. हेपारिन हे रक्त पातळ करणारं औषध १२ ते १५ हजार डाल्टनचं, ते अलीकडेच राहतं. त्याच कामाचं वॉरफरिन ३०८ डाल्टनचं, ते जातं आणि बाळाच्या हाडांवर, नाकावर खूण सोडू शकतं. इन्सुलिन ५,८०० डाल्टनचं, ते जवळपास अडतं. म्हणून मधुमेही गरोदर बाईला डॉक्टर बिनघोर इन्सुलिन देतात. निकोटीन १६२. दारू, म्हणजे इथेनॉल, अवघी ४६. मोहाची असो की विदेशी, पडद्याला ती सारखीच.

आता रेणू मोजायचे म्हटलं तर आपली रोजची संख्यांची नावं पुरत नाहीत. लाख, कोटी, अब्ज झाले की आपण थांबतो. बाराव्या शतकातल्या भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त मात्र ही नावं परार्धापर्यंत, एकावर सतरा शून्यांपर्यंत, गेली आहेत. १ मिलिग्रॅम निकोटीनमध्ये ३७ परार्ध रेणू असतात. एका सिगारेटीतून १ ते २ मिलिग्रॅम निकोटीन रक्तात जातं, तर तंबाखू तोंडात धरून चघळली की त्याच्या दुपटीहून जास्त, साडेचारच्या आसपास. धूर नाही म्हणजे त्रास नाही, ही समजूत इथेच गळून पडते. खर्ऱ्यातला चुना तोंडातला आम्लपणा मोडतो आणि निकोटीन गालाच्या आतल्या त्वचेतून आणखी लवकर आत शिरतं. घोटताना चुना नीट लागला पाहिजे, हा ठेलेवाल्याचा आग्रह रसायनशास्त्राला धरूनच आहे.

बायका खर्रा खातात का? काही खातात. त्याहून जास्त जणी दाताला गुडाखू नाहीतर नस लावतात, छत्तीसगडच्या सीमेपासून गडचिरोलीपर्यंत. पश्चिम महाराष्ट्रात आणि मुंबईत तीच जागा मिश्रीची. २०१६-१७ च्या जागतिक प्रौढ तंबाखू सर्वेक्षणात राज्यातल्या १७ टक्के बायका कुठल्या ना कुठल्या रूपात तंबाखू घेत असल्याचं दिसलं, पुरुषांत ३५.५ टक्के. दिवस गेल्यावर उमासे येतात, तोंडाला चव नसते, पोट साफ होत नाही. अशा वेळी सकाळची गुडाखू सुटण्याऐवजी दुपारची आणि रात्रीचीही सुरू होते. त्यात शरीराची एक खोड भर घालते. गरोदरपणात निकोटीन शरीरातून सुमारे ६० टक्के जास्त वेगाने बाहेर टाकलं जातं. त्यामुळे तलफ लवकर येते, आणि बोट पुन्हा डबीकडे जातं.

याचं वजन किती, हे मुंबईत मोजलं गेलं आहे. डॉ. प्रकाश गुप्ता आणि सहकाऱ्यांनी घरोघर फिरून १,२१७ गरोदर बायका नोंदवल्या, बाळंतपणापर्यंत त्यांच्या मागावर राहिले आणि २००४ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये निष्कर्ष छापले. बहुतेक वापर मिश्रीचा होता. वय, शिक्षण, परिस्थिती यांचा हिशेब वजा करूनही तंबाखू वापरणाऱ्या आईचं बाळ सरासरी १०५ ग्रॅम हलकं आणि ६.२ दिवस लवकर जन्मलं. ३२ आठवड्यांआधी बाळंत होण्याचा धोका जवळपास पाच पट, २८ आठवड्यांआधी आठ पट. त्याच बायकांच्या पाहणीतून दोन वर्षांनी दुसरा आकडा आला: तंबाखू वापरणाऱ्यांत मृत बालक जन्मण्याचं प्रमाण ८.९ टक्के, न वापरणाऱ्यांत ३.१.

१०५ ग्रॅम ऐकायला फार वाटत नाही. दोन अंडी. पण सरासरी हा फसवा प्रकार आहे. अडीच किलोच्या वर मूल ‘ठीक’, खाली ‘कमी वजनाचं’, ही रेघ जिथे आहे तिथेच आपली बरीच बाळं गर्दी करून उभी असतात. गोंदियाला लागून असलेल्या गडचिरोलीत ‘सर्च’ संस्थेने १९९५-९६ मध्ये ३९ गावांतली ७६३ नवजात बाळं तपासली, त्यांत ४२ टक्के अडीच किलोच्या खाली होती. अशा गर्दीला १०५ ग्रॅमचा धक्का बसला की रेघेपलीकडे पडणाऱ्यांची संख्या एकदम वाढते. राज्यात वर्षाला वीसेक लाख मुलं जन्मतात. समजा दहातली एकच आई तंबाखू घेते. २ लाख गुणिले १०५ ग्रॅम: २१ टन. दर वर्षी २१ टन बाळ महाराष्ट्रात जन्मालाच येत नाही, असं म्हणता येईल. गणित माझं आहे आणि दहात एक हे गृहीतकही माझंच. पटत नसेल तर अर्धं करा, साडेदहा टन उरतात.

इथला तंबाखूचा संबंध खाण्यापुरताच नाही. उन्हाळ्यात रोहिण्या लागायच्या आधी जंगलात तेंदूपत्त्याचा हंगाम सुरू होतो. पहाटे घरातली सगळी माणसं पानं तोडायला जातात, दुपारी अंगणात बसून ७० पानांचं एक पुडकं बांधतात. १,००० पुडक्यांची एक प्रमाण गोणी, म्हणजे ७० हजार पानं. एका पानाची एक विडी धरली आणि विडीत ०.२ ग्रॅम तंबाखू, तर एका गोणीमागे १४ किलो तंबाखू कुणाच्या तरी बोटांतून जाते. घरी सुपात तंबाखू घेऊन दिवसाला हजाराच्या हिशेबाने विड्या वळणाऱ्या बायका तोंडात चिमूटभरही घेत नसल्या तरी त्यांच्या लघवीत कोटिनीन सापडतं. निकोटीन शरीरात गेल्याची ही खूण. त्वचेतून, धुळीतून ते आत गेलेलं असतं. हे काम सातव्या-आठव्या महिन्यापर्यंत चालतं, कारण ते बसून करायचं ‘हलकं’ काम मानलं जातं.

मात्रेइतकीच, किंबहुना जास्त, वेळेला किंमत आहे. हे जगाला शिकवलं एका झोपेच्या गोळीने. थॅलिडोमाइड हे औषध पश्चिम जर्मनीत १ ऑक्टोबर १९५७ ला बाजारात आलं आणि गरोदरपणातल्या उलट्यांवरही दिलं गेलं. उंदरांना ते कितीही चारलं तरी काही होत नसे. नोव्हेंबर १९६१ च्या अखेरीस ते तिथल्या बाजारातून मागे घेईपर्यंत ४६ देशांत १० हजारांहून जास्त मुलं हातापायांविना किंवा तोकड्या हातापायांनी जन्मली होती. अमेरिकेत ही संख्या १७ वर थांबली, कारण तिथल्या औषध प्रशासनात नव्यानेच रुजू झालेल्या फ्रान्सिस केल्सी यांनी कंपनीच्या अर्जावर सही करायला वारंवार नकार दिला. पुरावा पुरेसा नाही, एवढंच त्या म्हणत राहिल्या. पुढे डॉक्टरांनी मुलांचे व्यंग आणि आयांनी गोळी घेतल्याच्या तारखा जुळवून पाहिल्या तेव्हा अंगावर काटा आणणारी गोष्ट उघड झाली. धोक्याचा काळ गर्भधारणेनंतर २० ते ३६ दिवस, फक्त १७ दिवसांचा होता. त्यातही आधीच्या दिवसांत घेतली तर कान, मग हात, मग पाय. ५० मिलिग्रॅमची एकच गोळी पुरत असे. हीच गोळी पाचव्या महिन्यात घेतलेल्यांची मुलं धडधाकट हातापायांनी जन्मली. नेमकं कुठल्या प्रथिनाला धरून ती हा घात करते हे जपानी शास्त्रज्ञांना २०१० मध्ये सापडलं. औषध बाजारातून उठून तेव्हा ४९ वर्षं झाली होती.

थॅलिडोमाइड हा आपल्याकडच्या वाचकाला परका इतिहास वाटेल, पण पूर्व विदर्भाला तो तितका परका नाही. १९६४ मध्ये जेरुसलेमच्या एका डॉक्टरला दिसलं की कुष्ठरोग्यांच्या अंगावर उठणाऱ्या वेदनादायी गाठींवर हेच औषध रामबाण आहे. तेव्हापासून ते कुष्ठरोगात आणि पुढे रक्ताच्या एका कर्करोगातही वापरात आहे, कडक अटींवर. ब्राझीलमध्ये कुष्ठरोग्यांना दिलेल्या याच गोळ्यांतून नंतरच्या दशकांतही तशी मुलं जन्मली. बाबा आमट्यांनी १९४९ मध्ये आनंदवन उभारलं ते याच भागात. कुष्ठरोग इथून अजून हद्दपार झालेला नाही. अशा ठिकाणी गोळ्यांची पट्टी घरात कुणाच्या हाताला लागते, हा प्रश्न पुस्तकी राहत नाही.

आता सरकारी कागदावरचा हिशेब पाहू. गरोदर बाईची १२ आठवड्यांच्या आत नोंद झाली की तिला ‘लवकर नोंदणी’ म्हणतात, आणि आरोग्य केंद्राच्या तक्त्यावर ती चांगल्या कामाची खूण असते. १२ आठवडे मोजायचे शेवटच्या पाळीपासून: ८४ दिवस. मेंदू आणि पाठीचा कणा जिच्यापासून घडतो ती चेतानलिका बंद होते गर्भधारणेनंतर २८व्या दिवशी, म्हणजे शेवटच्या पाळीपासून ४२व्या. पाळी चुकून जेमतेम पंधरवडा झालेला असतो. ती बंद व्हायची राहिली तर मेंदूविना किंवा उघड्या कण्याचं मूल जन्मतं. म्हणजे आपण जिला लवकर म्हणतो ती नोंदणी या एका कामापुरती ४२ दिवस उशिरा होऊ शकते. खेड्यात तर तीन महिने उलटेपर्यंत कुणाला सांगू नये, दृष्ट लागते, अशी रीत. आशाताईच्या पिशवीत गर्भचाचणीचं निश्चय किट असतं, दोन थेंबांत उत्तर देणारं. सुनेने ते सासूच्या देखत मागायचं कसं, हा मुद्दा कुठल्याच तक्त्यात बसत नाही.

या ४२ दिवसांवरचा उपाय ज्या संशोधनातून निघाला, त्याची सुरुवात मुंबईची आहे. लुसी विल्स ही इंग्रज डॉक्टर १९२८ मध्ये मुंबईत आली. गिरण्यांत काम करणाऱ्या गरोदर बायका एका विचित्र पंडुरोगाने दगावत होत्या. रक्तातल्या पेशी कमी, पण ज्या होत्या त्या नको इतक्या मोठ्या. परळच्या हाफकिन संस्थेत काम करताना विल्सबाईंनी आधी जंतू शोधले, मग आहार तपासला, माकडांवर प्रयोग केले, आणि शेवटी मार्माइट नावाचा यीस्टचा स्वस्त अर्क चाटवला. बायका काही दिवसांत उठून बसल्या. १९३१ मध्ये हे छापून आलं. त्या अर्कात काय होतं हे मात्र कुणाला सांगता येईना, म्हणून बराच काळ त्याला ‘विल्स घटक’ असंच म्हणत. १९४१ मध्ये अमेरिकेत टेक्सासच्या संशोधकांनी चार टन पालक गाळून तो पदार्थ वेगळा केला. तेच फॉलिक ॲसिड.

आणखी ५० वर्षांनी, १९९१ मध्ये, ७ देशांतल्या ३३ केंद्रांवर १,८१७ बायकांची चाचणी झाली. या सगळ्यांना आधी चेतानलिकेच्या दोषाचं मूल झालेलं. पुढच्या गरोदरपणाच्या आधीपासून फॉलिक ॲसिड घेणाऱ्यांत असा दोष ६ वेळा दिसला, न घेणाऱ्यांत २१ वेळा. ७२ टक्के घट. गरोदरपणातल्या कुठल्याही उपायाला इतका चोख आकडा क्वचितच मिळतो. आणि लागतं किती? साध्या गरोदर बाईला दिवसाला ४०० मायक्रोग्रॅम. राज्यातल्या वीस लाख गरोदर बायकांना ९० दिवस पुरवायचं म्हटलं तर सगळं मिळून ७२ किलो. एका ॲक्टिव्हावर घालून नेता येईल. अडचण वजनाची नाही, तारखेची आहे: गोळी पाळी चुकायच्या आधी पोटात जायला हवी, आणि आपली सगळी यंत्रणा पाळी चुकल्यावर जागी होते. पुढच्या लाल गोळ्यांची, लोह आणि फॉलिक ॲसिडची, कथाही फार वेगळी नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातल्या ५२.२ टक्के गरोदर बायकांत रक्त कमी आढळलं. ठरलेले १८० दिवस गोळ्या घेणाऱ्या २६ टक्के. गोळीने मळमळतं, शौचाला काळी होते, आणि पुडकी फळीवर तशीच राहतात.

दारूचा हिशेब इतका चोख नाही, आणि म्हणूनच तो जास्त घातक आहे. दारूने बाळाच्या चेहऱ्यावर, वाढीवर आणि बुद्धीवर होणारा ठरावीक परिणाम फ्रान्समध्ये १९६८ ला आणि सिएटलमध्ये १९७३ ला नोंदला गेला. त्याआधी हजारो वर्षं माणूस दारू पीत होता. २०१७ मधल्या एका अंदाजानुसार जगातल्या ९.८ टक्के गरोदर बायका दारू घेतात आणि वर्षाला सुमारे १ लाख १९ हजार मुलं या पूर्ण लक्षणांची जन्मतात. अर्धवट लक्षणांची कितीतरी जास्त. गोंदिया-गडचिरोलीच्या पट्ट्यात मोहफूल हे अन्नही आहे, देवाचं आहे, हाटातलं नगदही आहे, आणि बाळंतिणीला थोडी दिली तर अंग शेकतं असं मानणारी घरं आहेत. किती चालेल, या प्रश्नाला आजवर कुठल्याही संशोधनाने सुरक्षित असा आकडा दिलेला नाही.

इथवर वाचून एखादी म्हणेल, मग मी गरोदरपणात साधी गोळीसुद्धा घेणार नाही. हा निष्कर्ष तंबाखूइतकाच महाग पडू शकतो. कुठलीही गोळी, व्यसन नसतानाही दर १०० बाळांत २-३ बाळांना काही ना काही जन्मजात दोष असतो. वर्षाला सुमारे सव्वादोन कोटी जन्म असलेल्या देशात हा आकडा साडेचार ते पावणेसात लाखांवर जातो. यांतले औषधांमुळे झालेले एक-दोन टक्के. निम्म्याहून अधिक दोषांचं कारण आजही सापडत नाही. उलट उपचार न झालेला हिवताप वारेतच घर करतो, आईचं रक्त संपवतो, बाळाला वाळवतो. आणि गोंदिया-गडचिरोलीतल्या जंगलाला लागून असलेल्या तालुक्यांना हिवताप नवा नाही. तेव्हा हिवतापाची गोळी घ्यायचीच, फक्त कुठली ते डॉक्टरांना ठरवू द्यायचं. क्लोरोक्विन चालतं. प्रायमाक्विन मात्र गरोदरपणात अजिबात नाही, कारण पोटातल्या बाळाच्या तांबड्या पेशी ते सोसतील की नाही हे आधी तपासता येत नाही. मागच्या तापाच्या उरलेल्या गोळ्या शेजारणीला देण्याची आपली सवय इथे नडते.

सिकलसेलचंही तसंच. गोंदिया हा सिकलसेलच्या पट्ट्यातला जिल्हा. १ जुलै २०२३ ला शहडोलमध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेचं लक्ष्य ४० वर्षांखालच्या ७ कोटी लोकांची तपासणी हे आहे. या रुग्णांच्या वेदना कमी करणारं हायड्रॉक्सियुरिया ७६ डाल्टनचं. पडदा त्याला अडवू शकत नाही आणि ते वाढत्या पेशींनाच रोखतं, म्हणून मूल हवं असेल तर काही महिने आधी ते डॉक्टरांच्या सल्ल्याने थांबवायचं असतं. मिरगीवरच्या व्हॅल्प्रोएटने दहातल्या एका बाळात मोठा दोष आणि तीन-चारांत बुद्धीच्या वाढीत अडथळा येतो. पण धास्तीने एका दिवसात गोळी सोडली आणि धान रोवताना बांधीत झटका आला तर आई आणि बाळ दोघंही जातात. औषध बदलून घ्यायची वेळ दिवस जायच्या आधीची. पुन्हा तीच तारीख.

काही आकडे अपेक्षेप्रमाणे वागत नाहीत, तेही सांगायला हवेत. चुलीच्या धुराने बाळाचं वजन घटतं हे आपण धरूनच चालतो. भारत, ग्वाटेमाला, पेरू आणि रवांडा इथल्या ३,२०० गरोदर बायकांपैकी निम्म्यांना गॅसची शेगडी आणि सिलिंडर फुकट देऊन पाहिलं. धूर भरपूर कमी झाला, बाळांच्या वजनात फरक पडला तो २० ग्रॅमच्या आसपास, म्हणजे मोजमापाच्या चुकीत जाईल एवढा. गॅस नको असा याचा अर्थ नाही. आईचे डोळे आणि फुप्फुसं आहेतच. पण वजनाचं कोडं चुलीवर सुटलं नाही. शेगडी पोचली तेव्हा या बायकांना तिसरा-चौथा महिना लागलेला होता, हे कारण असू शकतं.

मुंबईच्या झोपडपट्ट्यांत २००६ पासून झालेल्या एका प्रयोगाने याच शंकेला बळ दिलं. ६,५१३ बायकांपैकी निम्म्यांना दिवस जायच्या आधीपासून रोज एक खाऊ दिला, पालेभाजी, फळं आणि दूध घातलेला. सगळ्यांची मिळून सरासरी काढली तर वजनात सांगण्यासारखी वाढ नव्हती. पण ज्यांनी गरोदर राहण्याआधी किमान ९० दिवस तो खाल्ला होता त्यांची बाळं ४८ ग्रॅम जड निघाली. अन्न तेच, तारीख वेगळी.

पुण्याच्या केईएम रुग्णालयात डॉ. चित्तरंजन याज्ञिक तर एक पिढी मागे गेले. १९९३ मध्ये त्यांनी पुण्याजवळच्या ६ गावांतल्या बायकांची नोंद सुरू केली. त्यांची बाळं सरासरी २.७ किलोची, इंग्लंडमधल्या साउदॅम्प्टनची ३.५ किलोची. ८०० ग्रॅम कमी. पण ही तूट स्नायूंत आणि पोटातल्या अवयवांत होती, चरबी जवळपास शाबूत. वरून किरकोळ, आतून मेदाळ. मधुमेह पुढे चाळिशीत का गाठतो याचं एक उत्तर पाळण्यातच मिळालं. बहुतेक आया शाकाहारी किंवा मांस-दूध परवडत नसलेल्या, आणि निम्म्याहून जास्त जणींच्या रक्तात बी-१२ कमी. ज्यांच्यात फॉलिक ॲसिड भरपूर पण बी-१२ कमी होतं, त्यांच्या मुलांवर सहाव्या वर्षी इन्सुलिनचा असर कमी पडताना दिसला. म्हणजे एका गोळीची गरज भागवताना दुसरीची वजाबाकी मोजावी लागते.

त्या गावांतली १९९३ नंतर जन्मलेली मुलं २०१२ मध्ये सतरा-अठराची झाली. त्यांनाच घेऊन पुढची चाचणी उभी राहिली: लग्न, मूल यांच्या कितीतरी आधी रोज २ मायक्रोग्रॅम बी-१२. तीन वर्षांची एका मुलीची सगळी मात्रा मिळून २.२ मिलिग्रॅम. मग त्या मुलींची लग्नं झाली, त्यांना मुलं झाली. बाळांच्या जन्मवजनात या गोळीने फरक पडला नाही. पण दोन ते साडेतीन वर्षांच्या वयात या मुलांची चाचणी घेतली तेव्हा नुसतं बी-१२ घेतलेल्या आयांची मुलं आकलनात आणि बोलण्यात, कोरी गोळी मिळालेल्या आयांच्या मुलांपेक्षा पुढे होती.